खुर्ची आधी, बातमी नंतर

२१ सप्टेंबर १९९५ला देशभर गणपती दूध पिऊ लागला. देवळांपुढे रांगा लागल्या आणि शिकली-सवरलेली माणसेही वाटी-चमचा घेऊन त्यांत उभी राहिली. दूरदर्शनच्या मेट्रो वाहिनीवर रात्री दहाला लागणारे ‘आज तक’ हे वीस मिनिटांचे बातमीपत्र तेव्हा जेमतेम दोन महिन्यांचे होते. ते १७ जुलैला सुरू झाले होते. त्याचे संपादक आणि निवेदक एकच होते, सुरेंद्र प्रताप सिंह. त्यांच्या बातमीपत्राने गर्दी दाखवली, आणि चांभाराची लोखंडी ऐरणही तितक्याच आवडीने दूध पिते हेही दाखवले. चमच्याची कड ओल्या पृष्ठभागाला टेकली की पृष्ठताणामुळे दूध ओढले जाते आणि पातळ थर होऊन खाली ओघळते. मूर्ती देवाची आहे की ऐरण चांभाराची, दुधाला फरक पडत नाही.

हे सुचायला भारदस्त आवाज लागत नाही. कॅमेरा देवळाबाहेर कुठे पाठवायचा, कुणाला विचारायचे, त्या दृश्याला किती सेकंद द्यायचे हे ठरवणारे डोके लागते. सिंह यांचे ते डोके छापील पत्रकारितेत घडले होते. सुरुवात मुंबईत ‘धर्मयुग’मध्ये, मग कोलकात्यात ‘रविवार’ साप्ताहिक, मग ‘नवभारत टाइम्स’. टीव्हीच्या खुर्चीत ते बसले तेव्हा पंचेचाळिशी उलटली होती. जून १९९७मध्ये, दिल्लीच्या उपहार चित्रपटगृहाच्या आगीनंतर दोनच आठवड्यांनी, ते गेले. म्हणजे पडद्यावरची त्यांची कारकीर्द दोन वर्षांचीसुद्धा नाही. तरी हिंदी टीव्ही पत्रकारितेचा विषय निघाला की त्यांचे नाव आधी येते, कारण त्या दोन वर्षांमागे वीस-पंचवीस वर्षांची बातमीदारी आणि संपादन उभे होते.

आज हा क्रम उलटला आहे. खुर्ची आधी मिळते, बातमी नंतर शिकायची असते, आणि बऱ्याचदा ते राहूनच जाते. मराठी वृत्तवाहिन्यांवरचा आरडाओरडा, उथळपणा, सत्तेपुढची लवचिकता यांबद्दल आपण वर्षानुवर्षे तक्रार करतो. त्या तक्रारींचे मूळ अँकरच्या स्वभावात फारसे नाही, त्याच्या कारकिर्दीच्या रचनेत आहे, असे माझे म्हणणे आहे. ही रचना बदलता येते. मात्र त्यासाठी ती आतून कशी चालते ते पाहावे लागेल.

मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झाले. तिथे तीन कामे तीन माणसांकडे होती. बातमी आणणारा वार्ताहर वेगळा, ती निवडणारा आणि लिहिणारा वृत्तसंपादक वेगळा, वाचणारा वेगळा. वाचणारी मंडळी अनेकदा दुसऱ्याच क्षेत्रांतली असत. अनंत भावे लेखक होते, भक्ती बर्वे रंगभूमीवरच्या. स्मिता पाटील सिनेमात जाण्याआधी तिथेच बातम्या वाचत. जीन्सवरच साडी गुंडाळून त्या कॅमेऱ्यासमोर बसत ही गोष्ट अजून सांगितली जाते. जून २०२२मध्ये निधन झालेल्या प्रदीप भिडे यांनी तर सुमारे चार दशके मराठी घरांत बातम्या वाचल्या. मुद्दा असा की या व्यवस्थेत कुणी सोंग घेतलेले नव्हते. भिडे यांच्याकडून उच्चार, ठेहराव आणि आकडे न अडखळता वाचण्याची अपेक्षा होती, आणि ती पुरी होत होती. बातमी सरकारी असायची हा दोष त्यांच्या खुर्चीचा नव्हता. तो मालकाचा होता आणि प्रेक्षकालाही तो ठाऊक होता.

खासगी वाहिन्यांनी तिन्ही कामे एका चेहऱ्यात कोंबली. २००० साली ई टीव्ही मराठी आली. तिची बातमीपत्रे हैदराबादच्या रामोजी फिल्म सिटीतून निघत, पण तिने जिल्ह्याजिल्ह्यात बातमीदार नेमले आणि एक पिढी घडवली. २००७मध्ये झी २४ तास आणि स्टार माझा, २००८मध्ये आयबीएन लोकमत. चोवीस तास भरायचे तर खुर्चीत पाळीपाळीने बसायला पुष्कळ माणसे लागतात, आणि ती लगेच लागतात. पहिल्या फळीत छापील माध्यमांतून आलेली, जिल्हे तुडवलेली माणसे होती. निखिल वागळे ‘महानगर’ हे सायंदैनिक चालवून मग टीव्हीवर आले. त्यांची आक्रमक पद्धत अनेकांना खटकायची, मलाही ती नेहमी पटत नसे. पण समोरच्या पुढाऱ्याने दहा वर्षांपूर्वी काय विधान केले होते ते त्यांना कागद न पाहता आठवत असे. दुसऱ्या-तिसऱ्या फळीसाठी वाहिन्यांना ही ऐपत उरली नाही. माध्यम अभ्यासक्रमातून थेट आलेल्या बाविशी-तेविशीच्या मुलामुलींची स्क्रीन टेस्ट झाली, चार-सहा महिने डेस्कवर, म्हणजे संपादन विभागात, टिकर (पडद्याच्या तळाशी सरकणारी ओळ) लिहून घेतला गेला आणि दुपारच्या पाळीला बसवले गेले. यात त्या मुलांचा दोष काढणे अन्यायाचे ठरेल.

त्या खुर्चीत प्रत्यक्ष काय होते ते पाहा. समोर मजकूर दाखवणारा प्रॉम्प्टर, कानात टॉकबॅक म्हणजे नियंत्रण कक्षाचा आवाज, टेबलावर रनडाउनचा म्हणजे बातम्यांच्या क्रमाचा संगणक. बातमीचे वाचन मिनिटाला साधारण १२० ते १३० शब्दांनी चालते. प्रॉम्प्टरवर मजकूर असतो तोवर सगळे सुरळीत. खरी परीक्षा मजकूर नसतो तेव्हा. इमारत कोसळली, मंत्र्याने राजीनामा दिला, आणि नियंत्रण कक्षातून निर्माता कानात सांगतो, ‘ब्रेकिंग आहे, दोन ओळी आहेत, रिपोर्टर जोडतोय, खेच.’ जोडायला कधी तीन मिनिटे लागतात, कधी दहा. या दहा मिनिटांत अनुभवी माणूस माहिती ओततो. ही इमारत कोणत्या वॉर्डात येते, म्हाडाची की खासगी, उपकरप्राप्त आहे का, धोकादायक इमारतींची यादी महापालिका पावसाळ्याआधी जाहीर करते, त्यात ती होती का. अननुभवी माणूस तीच दोन वाक्ये अकरा प्रकारे म्हणतो, आवाज चढवत नेतो, आणि शब्द संपले की विशेषणे सुरू होतात. पडद्यावरचा थरार बरेचदा असा माहितीच्या तुटवड्यातून जन्मतो. त्यामागे कुणाचा कट शोधायची गरज नसते.

चुकाही ठरावीक जागी होतात. लाख आणि कोटींची अदलाबदल. गावांची नावे. आरोपीला गुन्हेगार म्हणणे, न्यायालयाच्या तोंडी शेऱ्याला आदेश म्हणणे, एफआयआर म्हणजेच आरोप सिद्ध झाला असे बोलणे. धरणसाठ्याची टक्केवारी सांगताना एकूण साठा आणि उपयुक्त साठा यांतला फरक गाळणे. उजनीत मृतसाठा, म्हणजे उपयुक्त पातळीखालचे पाणी, मोठा असल्याने धरणात पाणी डोळ्यांना दिसते आणि उपयुक्त साठा मात्र उणे टक्क्यांत असतो. हे ज्याने एकदा सोलापुरात उन्हाळ्यात बातमी केली आहे त्याला सांगावे लागत नाही. ज्याने केली नाही तो ‘उणे’ हा शब्द छापण्यातली चूक समजून सरळ गाळतो.

आता रस्त्याच्या बाजूने. ‘लाइव्ह’ने बातमीदारी कशी खाल्ली हे बाहेर फारसे कळत नाही. पूर्वी थेट प्रक्षेपणाला ओबी व्हॅन, म्हणजे प्रक्षेपणाची यंत्रे बसवलेली गाडी, लागायची. व्हॅन महाग, तिची वेळ आखून वापरली जायची. मग पाठीवर घ्यायची पेटी आली. तिच्यात अनेक सिमकार्डे असतात आणि सगळ्यांचे इंटरनेट एकवटून ती चित्र पाठवते. त्यानंतर तर साध्या मोबाइलवरून काम होऊ लागले. लाइव्ह स्वस्त झाले, तशी प्रत्येक बातमीपत्राला त्याची मागणी सुरू झाली. मंत्रालयासमोर सकाळी आठला उभा केलेला बातमीदार दर अर्ध्या तासाला कॅमेऱ्यासमोर येतो. मधल्या वीस मिनिटांत तो कुणाला भेटणार, कोणती फाइल पाहणार? अँकर विचारतो, ‘काय सांगशील, काय परिस्थिती आहे?’ बातमीदार अँकरनेच नुकत्याच वाचलेल्या हेडलाइन्स परत सांगतो. त्या हेडलाइन्स डेस्कने लिहिलेल्या असतात, आणि डेस्कने त्या बहुधा दुसऱ्या वाहिनीच्या टिकरवरून उचललेल्या असतात.

जिल्ह्यात परिस्थिती याहून बिकट आहे. तिथे बहुतेक वाहिन्यांचा पगारी बातमीदार नसतो, स्ट्रिंगर असतो. त्याला बातमीमागे पैसे मिळतात, तेही बातमी लागली तर, आणि वेळेवर मिळतील असे नाही. कॅमेरा त्याचा, मोटारसायकल त्याची, पेट्रोल त्याचे. मिळकत पुरत नाही म्हणून तो तीन-चार ठिकाणी एकच दृश्य देतो. वर्धापनदिनाच्या जाहिराती आणण्याचे कामही अनेकदा त्याच्याच गळ्यात पडते, आणि जाहिरात देतो कोण? तालुक्याचा आमदार, साखर कारखान्याचा अध्यक्ष, बाजार समितीचा सभापती, म्हणजे ज्यांच्यावर बातमी करायची तेच. या माणसाला स्वातंत्र्यावर भाषण देण्याआधी त्याचे मानधन दरमहा बांधून द्यायला हवे.

एक तासाच्या चर्चेचा हिशेब आता सोपा होतो. केबल टीव्हीच्या नियमांनुसार तासाला बारा मिनिटांपेक्षा जास्त जाहिराती चालत नाहीत, त्यात दहा मिनिटे व्यापारी आणि दोन वाहिनीच्या स्वतःच्या. उरली ४८. अँकरची प्रस्तावना चार मिनिटे, मध्ये मध्ये दाखवायच्या बाइट, म्हणजे लोकांच्या बोलण्याचे तुकडे, चार मिनिटे. चाळीस मिनिटांत सहा पाहुणे आणि अँकरचे प्रश्न. पाहुण्याच्या वाट्याला साडेपाच-सहा मिनिटे येतात, तीही तुकड्यांत. त्यातच तांत्रिक भानगड. उपग्रहावरून आवाज एकदा वर जाऊन खाली यायला पाव सेकंद लागतो, मोबाइल इंटरनेटवरून कधी दोन-तीन सेकंद. अँकरचा प्रश्न संपून पाहुणा तोंड उघडेपर्यंत अँकरला वाटते हा गप्प आहे, म्हणून तो पुढचा प्रश्न टाकतो, तोवर पहिल्याचे उत्तर येऊन आदळते. पाहुण्याला परत पाठवायच्या आवाजातून त्याचाच आवाज वगळायचा असतो. ते राहिले तर त्याला स्वतःचे बोलणे मागून ऐकू येते आणि तो अडखळतो. अर्धी भांडणे अशी यंत्रामुळे पेटतात आणि नंतर ती चांगली चालतात म्हणून कुणी दुरुस्त करत नाही.

कारण चर्चा फुकट पडते. पाहुणे मानधनाशिवाय येतात किंवा नाममात्र घेतात, प्रवास नाही, चित्रीकरण नाही, संकलन नाही. त्याच तासात गडचिरोली, नंदुरबार आणि चंद्रपूरहून तीन चांगली पॅकेजेस, म्हणजे तिथे जाऊन चित्रित केलेले अहवाल, दाखवायची तर तीन चमू दोन-दोन दिवस फिरवावे लागतील. वर टीआरपीचे गणित प्रेक्षक किती वेळ थांबला यावर चालते. अहवाल संपला की माणूस चॅनेल बदलतो, भांडण अर्धवट असले की थांबतो. प्रेक्षकसंख्या मोजणाऱ्या बार्क या संस्थेच्या पाहणीत देशभरातली पन्नास-साठ हजार घरे असतात, त्यांतली मराठी वृत्तवाहिन्या पाहणारी थोडकी. इतक्या कमी घरांच्या आठवड्याच्या आकड्यावर लाखोंच्या जाहिराती हलतात. ऑक्टोबर २०२०मध्ये टीआरपी घोटाळ्याच्या आरोपांनंतर बार्कने वृत्तवाहिन्यांचे आकडे थांबवले. मार्च २०२२मध्ये ते परत आले तेव्हा चार आठवड्यांच्या सरासरीने देण्याची पद्धत आली. मधल्या सुमारे दीड वर्षात वाहिन्यांना दर गुरुवारी येणाऱ्या आकड्यांचा धाक नव्हता. तरी नऊच्या चर्चा शांत झाल्या नाहीत. म्हणून सगळे खापर टीआरपीवर फोडणाऱ्यांशी माझे जमत नाही. आकड्याचा धाक गेला तरी खुर्चीत बसलेल्याला दुसरे काही येत नसेल तर तो तेच करणार.

खुर्चीतल्या अज्ञानाची सगळ्यात जड किंमत मुंबईने मोजली. २६ नोव्हेंबर २००८च्या हल्ल्यात वाहिन्या ताज, ट्रायडंट आणि नरिमन हाउससमोरून तासन् तास थेट दाखवत होत्या. अतिरेक्यांचे पाकिस्तानातले सूत्रधार तेच पाहून फोनवर सूचना देत होते. कसाब खटल्याच्या निकालात ऑगस्ट २०१२मध्ये सर्वोच्च न्यायालयाने या प्रक्षेपणावर कडक ताशेरे ओढले आणि अभिव्यक्तिस्वातंत्र्याच्या नावाखाली त्याचे समर्थन करता येणार नाही असे बजावले. मार्च २०१५मध्ये नियम बदलला: दहशतवादविरोधी कारवाई सुरू असताना थेट प्रक्षेपण नाही, नेमलेल्या अधिकाऱ्याने वेळोवेळी दिलेली माहितीच दाखवायची. ‘कमांडो आता कुठे आहेत?’ हा प्रश्न पोलिसांची बातमीदारी केलेल्या माणसाच्या जिभेवर येताच अडायला हवा होता. जो विवेक खुर्चीत असायला हवा तो शेवटी सरकारी नियमात घालावा लागला, आणि सरकारला असा नियम करायला कारण देणे हेच मुळात वाईट.

नियमनाबद्दल थोडक्यात. वाहिन्यांनी स्वतः नेमलेल्या प्राधिकरणाकडून मिळणारा दंड कमाल एक लाख रुपये होता. ऑगस्ट २०२३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो कुचकामी असल्याचे म्हटले. सुशांतसिंह राजपूत प्रकरणातल्या वार्तांकनावर मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२१मध्ये सविस्तर निकाल दिला, त्यात काय टाळायचे याची सूचीच आहे. ती किती न्यूजरूमच्या भिंतीवर लागली असेल याची मला शंका आहे. दंड दसपट केला तरी वाहिनीच्या मालकाला तो परवडतो. अँकरच्या कारकिर्दीला काय परवडते हा प्रश्न राहतोच.

त्या कारकिर्दीला कायद्याचा आधार फार उशिरा मिळाला. श्रमिक पत्रकारांसाठीचा १९५५चा कायदा वृत्तपत्रे आणि वृत्तसंस्थांपुरता होता. मजिठिया वेतन मंडळाच्या शिफारशीही त्यांच्यापुरत्याच. टीव्ही पत्रकाराला कायद्याने ‘श्रमिक पत्रकार’ म्हणून ओळखले ते २०२०च्या कामगार संहितेत. तोवर, आणि व्यवहारात अजूनही, त्याच्याकडे असते ते वैयक्तिक करारपत्र, ज्यात एक-दोन महिन्यांच्या सूचनेवर घरी पाठवण्याची सोय असते. संपादकाने दिलेली ओळ वाचायला नकार दिला तर काय, याबद्दल त्या करारात एक शब्द नसतो. जिल्ह्यात पाळेमुळे असलेला, चार ठिकाणी नाव असलेला पत्रकार अशा वेळी उठून जाऊ शकतो. फक्त चेहऱ्यावर उभा असलेला जाऊ शकत नाही, कारण दुसऱ्या वाहिनीकडे त्याहून तरुण चेहरा तयार असतो.

स्त्रियांना हा फटका दुहेरी बसतो. पुरुष अँकरचे केस पिकले की त्याला ‘ज्येष्ठ’ म्हणतात. बाईची कामाची वेळ प्राइम टाइममधून दुपारी आणि दुपारमधून डेस्कवर सरकते. बीबीसीच्या ‘कंट्रीफाइल’ कार्यक्रमातून काढलेल्या मिरियम ओरायली यांनी वयाच्या भेदभावाचा दावा लावला आणि जानेवारी २०११मध्ये जिंकला. आपल्याकडे असा दावा लावायला कायदाच पुरेसा नाही. चेहऱ्याऐवजी अनुभवावर नेमणूक झाली तर चाळिशीनंतर किंमत वाढेल, आणि त्याचा सगळ्यात मोठा लाभ या बायकांनाच होईल.

‘बातमी आणणे, निवडणे आणि वाचणे ही तिन्ही कामे एकात असणेच वाईट का?’ असे कुणी विचारील. तसे नाही. अमेरिकेत वॉल्टर क्रॉनकाइट १९६२ ते १९८१ सीबीएस वाहिनीच्या संध्याकाळच्या बातम्यांचे निवेदक होते आणि त्याच बातमीपत्राचे व्यवस्थापकीय संपादकही. पण आधी त्यांनी युनायटेड प्रेस या वृत्तसंस्थेसाठी दुसऱ्या महायुद्धाची बातमीदारी केली होती. फेब्रुवारी १९६८मध्ये व्हिएतनामला स्वतः जाऊन आल्यावर त्यांनी युद्ध अनिर्णित संपेल असे मत मांडले, ते बातम्यांपासून वेगळे काढून, हे माझे व्यक्तिगत मत आहे असे सांगून. आमच्याकडे पहिल्या मिनिटाला मत आणि शेवटच्या मिनिटाला बातमी असते. एकत्र करायचे तर तयारीची अट हवी, नाहीतर दूरदर्शनसारखे सरळ वेगळे ठेवावे. उत्तम वाचणाऱ्याला उत्तम वाचू द्यावे, त्यात कमीपणा नाही.

अट म्हणजे काय, तेही सांगतो. चर्चा चालवणाऱ्याने आधी किमान पाच वर्षे बातमीदारी केलेली असावी, त्यांतली दोन मुंबई-पुण्याबाहेर. त्याला सातबारा आणि फेरफार वाचता यावा. पंचनामा, शवविच्छेदन अहवाल आणि आरोपपत्र यांतले अंतर कळावे. अर्थसंकल्पात तरतूद आणि प्रत्यक्ष खर्च वेगळे असतात, पुरवणी मागण्या कशाला येतात हे माहीत असावे. निकालपत्र मिळाले की आधी शेवटची पाने उघडून आदेशाचा भाग वाचायची सवय असावी. खुर्चीत बसल्यावरही वर्षातले सहा आठवडे त्याला कॅमेरामनसोबत बाहेर पाठवावे, आणि तेव्हा लाइव्ह मागू नये. बातमीदाराला दिवसात दोनपेक्षा जास्त लाइव्ह लावायचे असतील तर त्याच विषयावर दुसरा माणूस माहिती गोळा करायला नेमावा. चूक झाली तर दुरुस्ती त्याच वेळेच्या बातमीपत्रात, त्याच अँकरच्या तोंडून आणि मजकुराच्या रूपात पडद्यावर. मध्यरात्रीच्या टिकरमध्ये ती लपवणे ही दुरुस्ती नाही.

यावर वाहिन्यांचे उत्तर ठरलेले आहे: पैसे कुठे आहेत? स्टुडिओतल्या नव्या व्हिडिओ भिंतीला, आभासी ग्राफिक्सला आणि निवडणुकीच्या दिवशी हेलिकॉप्टरच्या प्रतिकृतीला ते मिळतात, असे उत्तर देता येईल. पण वाद नको, बिनखर्चाच्या गोष्टीपासून सुरुवात करा. प्रत्येक बातमीपत्राच्या शेवटी पाच सेकंद पडद्यावर तीन नावे दाखवा: बातमी कुणी आणली, कुणी संपादित केली, कुणी वाचली. पहिल्या दोन जागी दाखवायला नावच नसेल तर ते बातमीपत्र त्या दिवशी कुठून आले हा प्रश्न आधी न्यूजरूमलाच पडेल.